प्रतिज्ञा कोणाशी?

राजकीय पक्षांनी प्रतिनिधीची सदसद्विवेकबुद्धी गहाण टाकली, पक्ष नव्हते तेव्हा विधिमंडळात स्वतंत्र बाण्याची माणसे बसत, असे खेदाने सांगणारी मंडळी आपल्यात पुष्कळ आहेत. त्यांनी ऑस्ट्रेलियातील न्यू साउथ वेल्स या ब्रिटिश वसाहतीची १८९१ सालची निवडणूक एकदा नीट पाहावी.

तेथे १८५६ पासून जबाबदार राज्यपद्धती होती. परंतु पहिली तीस वर्षे पक्ष असे नव्हतेच. होते ते पुढाऱ्यांभोवती जमणारे आणि पांगणारे गट. खुला व्यापार की संरक्षक जकात, या वादावर १८८७ च्या निवडणुकीत प्रथम दोन स्पष्ट तट पडले. तथापि १८८९ पर्यंत सभासदाला वेतन नव्हते. ज्याचे पोट हातावर, त्याने सभागृहात बसावे कसे? उलट ज्याची मालमत्ता चार मतदारसंघांत, त्याला चार ठिकाणी मत! म्हणजे ज्या स्वतंत्र बुद्धीचा एवढा गौरव होतो, तिला आधी स्वतंत्र उत्पन्न लागत असे.

१८८९ मध्ये वार्षिक ३०० पौंड वेतन मंजूर झाले. १८९० मध्ये खलाशी, गोदी कामगार व खाणकामगार यांचा मोठा संप चिरडला गेला. त्या पराभवातून कामगारांनी स्वतःचे उमेदवार उभे केले आणि १८९१ मध्ये १४१ पैकी ३५ जागा जिंकल्या. सत्तेचा तराजू त्यांच्या हाती आला. पण जकातीचा प्रश्न पुढे येताच याच ३५ जणांत फूट पडली. मते दिली होती कामगारांच्या कार्यक्रमाला. ती विखुरली व्यापाराच्या वादात.

म्हणून १८९३ च्या परिषदेत कामगार संघटनांनी प्रतिज्ञा मागितली: कार्यक्रमातील प्रश्नांवर पक्षसभासदांच्या बहुमताप्रमाणेच मत द्यावयाचे. खाणीतून आलेल्या जोसेफ कुक या पुढाऱ्याने ती नाकारली. १८९४ मध्ये तो खुल्या व्यापारवाद्यांच्या मंत्रिमंडळात गेला आणि १९१३ मध्ये ऑस्ट्रेलियाचा पंतप्रधान झाला. बॉयलर बनविणाऱ्या जेम्स मॅकगोवेनने ती घेतली. १८९४ मध्ये प्रतिज्ञाबद्ध पक्षाच्या जागा निम्म्याहून कमी झाल्या. तरी त्याच पक्षाने १९१० मध्ये मॅकगोवेनच्या नेतृत्वाखाली तेथील पहिले मजूर सरकार बनविले.

हा पक्ष निष्कलंक होता, असे आमचे म्हणणे नाही. चिनी कारागिरांच्या लाकडी सामानावर वेगळा शिक्का मारावा, ही मागणी त्याच्या पहिल्याच कार्यक्रमात होती. आणि स्त्रियांना तेव्हा मत नव्हते. बहुमताने ठरले म्हणून अन्याय न्याय ठरत नाही.

पण शिस्तीचा खरा प्रश्न याने झाकला जाऊ नये. ती प्रतिज्ञा पुढाऱ्याने अनुयायांकडून घेतली नव्हती. निवडून देणाऱ्यांनी पुढाऱ्याकडून मागितली होती. हुकूम पाळणे आणि वचन पाळणे यांतला भेद आम्हां कारकुनांना कोणी शिकवावा लागत नाही. शिस्त वरून खाली उतरली की तिला ताबेदारी म्हणतात. खालून वर गेली की ती जबाबदारी होते. तेव्हा पक्षशिस्तीला सरसकट दूषणे देण्यापूर्वी एवढेच विचारावे: वचन कोणी घेतले, आणि कोणाकडून?