नांगराने तुटलेली तार

फेब्रुवारी २०२४ मध्ये येमेनमधल्या हूती बंडखोरांच्या क्षेपणास्त्राचा मारा झालेले ‘रुबीमार’ हे मालवाहू जहाज नांगर टाकून खलाशांनी सोडले. जहाज वाहत गेले. त्याचा नांगर तांबड्या समुद्राच्या तळावरून फरफटला आणि त्यानेच तिथल्या तीन इंटरनेट केबल तोडल्या, असे मानले जाते. त्यांतल्या ‘एएई-१’ आणि ‘ईआयजी’ थेट मुंबईला येतात.

भर समुद्रात ही केबल बागेतल्या पाण्याच्या नळीएवढीच जाड असते, आत केसासारखे काचतंतू. दुरुस्तीचे जहाज गळ टाकून तुटलेली टोके वर ओढते, डेकवर तंतू सांधते आणि केबल पुन्हा तळाशी सोडते. सांधायचे काम काही दिवसांचे. पण येमेनच्या पाण्यात शिरायची परवानगी कोणाकडे मागायची, सनातल्या हूतींकडे की एडनच्या सरकारकडे? या घोळात दुरुस्ती महिनोन्महिने रखडली.

अशा तारांच्या रक्षणाचा पॅरिस करार १८८४ चा. युद्ध पेटले की तो लढणाऱ्यांचे हात बांधत नाही. नोव्हेंबर २०२४ मध्ये आंतरराष्ट्रीय दूरसंचार संघाच्या पुढाकाराने या केबलसाठी सल्लागार मंडळ स्थापन झाले, हे चांगलेच. पण सल्ल्याने जहाजाला वाट मिळत नाही. रुग्णवाहिकेला मिळते तशी वाट दुरुस्ती-जहाजाला युद्धातही मिळाली पाहिजे आणि तसा नियम व्हावा म्हणून भारतानेच आग्रह धरला पाहिजे. आपल्या समुद्रातल्या केबल-दुरुस्तीसाठी भारतीय ध्वजाची जहाजे हवीत, असे दूरसंचार नियामक प्राधिकरणाने जून २०२३ मध्ये सरकारला सुचवलेच आहे. त्यासाठी पैसा आता बाजूला काढावा.