कोंबड्या कंपनीच्या, परवाना शेतकऱ्याच्या नावावर

पोल्ट्रीच्या शेडला प्रदूषण मंडळाची संमती लागते का, हा वाद बरीच वर्षे एकाच आकड्यावर अडला होता. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या २०१५ च्या मार्गदर्शक सूचनांनी एका जागी एक लाखापर्यंत पक्षी पाळणाऱ्यांना जल आणि वायू प्रदूषण कायद्यांखालील संमतीतून मोकळे ठेवले होते. त्याविरुद्ध प्राणिहक्क कार्यकर्त्या गौरी मौलेखी राष्ट्रीय हरित लवादात गेल्या. १६ सप्टेंबर २०२० रोजी लवादाने या सवलतीचा फेरविचार करायला सांगितले आणि पाच हजार पक्ष्यांवरच्या सगळ्या फार्मना संमतीच्या कक्षेत आणायला बजावले. मंडळाच्या त्यानंतरच्या सूचनांनुसार पाच ते पंचवीस हजार पक्ष्यांच्या लहान फार्मनाही १ जानेवारी २०२३ पासून हा नियम लागला. नवे फार्म वस्तीपासून ५०० मीटर आणि नदी, तलाव, विहिरीपासून १०० मीटर लांब हवे, असे त्यात स्पष्ट लिहिले आहे.

कागदावर हे चोख आहे. पण पालघर जिल्ह्यातल्या जव्हार-मोखाड्यात हे अंतर मोजायचे कुठून?

इथले गाव एका जागी नसते. वावरसारख्या गावाचे पाडे डोंगरउतारावर लांबलांब विखुरलेले असतात. गावठाणाच्या हद्दीपासून फीत धरली, तर पाडा उघडाच पडतो. म्हणून शेवटच्या पाड्याचे शेवटचे घर आणि त्या पाड्याची विहीर, इथूनच अंतर धरायला हवे.

अंतर इतके महत्त्वाचे का? शेडमध्ये जमिनीवर भाताच्या तुसाचा थर असतो. पाण्याच्या पाइपाखाली तो भिजतो, विष्ठेत कालवला जातो, आणि तिथून अमोनियाचा डोळे चुरचुरवणारा वास उठतो. उष्ण हवेत माशीची पिढी आठ-दहा दिवसांत तयार होते. मांसल कोंबड्यांची एक बॅच साधारण चाळीस दिवसांची. एका बॅचमध्ये माश्यांच्या किती पिढ्या होतात, हे पाड्यावरच्या बाईला जेवणाच्या ताटावर दिसते. बॅच निघाली की ते खत शेडबाहेर येते. उघड्यावर ढीग राहिला, तर जूनच्या पहिल्या सरीबरोबर ते उताराने खाली जाते, आणि खाली बहुधा विहीर असते. पिण्याच्या पाण्यात नायट्रेटची मर्यादा लिटरला ४५ मिलिग्रॅम आहे. ती ओलांडली की सर्वाधिक धोका तान्ह्या बाळांना. १९९२ मध्ये जव्हार तालुक्यातल्या वावर-वांगणीतल्या बालमृत्यूंनी महाराष्ट्र हादरला होता. त्या तालुक्यात विहिरीच्या पाण्याकडे काणाडोळा करणे अक्षम्य आहे.

याचा अर्थ कोंबडी नको, असा नाही. परसातल्या पंधरा-वीस गावठी कोंबड्या म्हणजे घरची अंडी आणि अडीअडचणीला हातात येणारा पैसा. डॉ. ए. पी. जे. अब्दुल कलाम अमृत आहार योजनेत आदिवासी भागातल्या अंगणवाडीच्या मुलांना अंडी द्यायची तरतूद आहे. ती इथल्याच बायकांच्या परसातून जावीत. राज्य सरकारने जुलै २०२५ मध्ये पशुपालनाला शेतीसमकक्ष दर्जा दिला, हेही योग्यच झाले. मात्र त्यातून मिळणारी वीजदराची सवलत ही दुर्गंधीची सवलत ठरू नये.

खरा पेच करार पद्धतीत आहे. पिल्ले कंपनीची, खाद्य कंपनीचे, औषध कंपनीचे. तयार पक्षीही तीच उचलून नेते. शेतकऱ्याला मिळते किलोमागे ठरलेली पालनाची मजुरी. मागे उरतात खत, मेलेले पक्षी आणि शेजाऱ्यांच्या तक्रारी. शेड शेतकऱ्याची म्हणून संमती त्याच्या नावावर, नोटीसही त्यालाच. कर्ज काढून शेड उभारलेला माणूस गावाशी भांडतो आणि पक्ष्यांची मालक असलेली कंपनी नामानिराळी राहते. हा सरळ अन्याय आहे. संमतीच्या अर्जावर कंपनीचे नाव सहअर्जदार म्हणून हवे आणि मेलेल्या पक्ष्यांची, खताची विल्हेवाट तिच्याही जबाबदारीत हवी.

तक्रारीला वाट नाही असे नाही. सार्वजनिक उपद्रव हटवण्याचा आदेश दंडाधिकारी भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १५२ खाली देऊ शकतात. पण शेड उभी राहिल्यावर, कर्जाचे हप्ते सुरू झाल्यावर आलेला आदेश दोन्ही घरे पोळतो. जव्हार आणि मोखाडा हे अनुसूचित क्षेत्रातले तालुके. १९९६ च्या पेसा कायद्याने इथल्या ग्रामसभेला वजन दिले आहे. आदिवासीची जमीन बिगरआदिवासीला भाड्याने द्यायची, तरी जमीन महसूल संहितेच्या कलम ३६अ नुसार जिल्हाधिकाऱ्यांची पूर्वपरवानगी लागते. म्हणजे विचारण्याची जागा आहे, वेळही आहे: पाया खणण्याआधी.

पालघरच्या जिल्हाधिकाऱ्यांनी आणि जिल्हा परिषदेने पाच हजारांवरच्या प्रत्येक शेडची यादी ग्रामपंचायतीच्या फलकावर लावावी, आणि शेडच्या खालच्या विहिरींचे पाणी पावसाळ्याआधी व नंतर तपासून त्याचा निकाल ग्रामसभेत वाचून दाखवावा. ग्रामसभांनीही पुढच्या बैठकीत हा विषय पत्रिकेवर घ्यावा.