बिलावर किमतीशेजारी वजनही लिहा

मनाली-लेह रस्ता खुला होण्याआधीचे दोन-तीन महिने ऑफ-रोडची कामे घेणाऱ्या वर्कशॉपना उसंत नसते. लडाखला, स्पितीला निघालेले गिऱ्हाईक हातात यादी घेऊनच येते. लोखंडी बंपर, विंच, रॉक स्लायडर, रूफ रॅक, त्यावर तंबू, मोठे टायर, दुसरी बॅटरी, जेरीकॅन. किमतीवर घासाघीस होते, रंगावर चर्चा होते, गाडी कधी मिळणार याची तारीख ठरते. या सगळ्याचे वजन किती आणि ते घेतल्यावर गाडीत माणसे किती बसू शकतील, हा प्रश्न मात्र ना गिऱ्हाईक विचारते, ना आपण. या महिन्याचे संपादकीय त्या प्रश्नासाठी आहे आणि ते गिऱ्हाइकासाठी नाही. गाडीवर पाना चालवणारे, वर्कशॉप चालवणारे, मोहिमा नेणारे आणि ऑफ-रोड ड्रायव्हिंग शिकवणारे आपण सगळे त्याचे वाचक आहोत.

हिशेब तीनच आकड्यांचा आहे. पहिला कर्ब वजनाचा: टाकीतले इंधन, तेल-पाणी, स्टेपनी आणि कंपनीची हत्यारे धरून, पण माणसे आणि सामान सोडून गाडीचे वजन. दुसरा जीव्हीडब्ल्यूचा: माणसे, सामान आणि आपण जोडलेली प्रत्येक वस्तू धरून गाडीचे जास्तीत जास्त किती वजन चालेल तो आकडा. दुसऱ्यातून पहिला वजा केला की उरतो तिसरा, पेलोड. गिऱ्हाइकाला खर्च करायला मिळते ते एवढेच. यात ड्रायव्हरही आला, हे पुष्कळांच्या लक्षात राहत नाही.

मारुतीची पाच दारांची जिम्नी घेऊ, कारण ती आपल्या वर्कशॉपमध्ये वारंवार येते. ऑटोमॅटिक गिअर असलेल्या वरच्या प्रकारात तिचे कर्ब वजन १२१० किलो आणि जीव्हीडब्ल्यू १५४५ किलो आहे. म्हणजे पेलोड ३३५ किलो. गाडी चार जणांची आहे. माणशी ७५ किलो धरले तर ३०० किलो तिथेच संपले. उरलेल्या ३५ किलोंत चौघांचे सामान बसवायचे.

आता नेहमीची ऑर्डर घ्या. लोखंडी बंपर ५० किलो, विंच ३० किलो, रूफ रॅक ३० किलो, दोन्ही बाजूंचे रॉक स्लायडर मिळून ४० किलो. हे आकडे ढोबळ आहेत, वस्तूगणिक कमीजास्त होतील. पण बेरीज १५० किलोंच्या आसपास येते आणि पेलोड १८५ वर उतरतो. दोन माणसे बसली की पुन्हा ३५ किलो उरतात. आता वर ५० किलोंचा रूफटॉप तंबू चढवला, की ती दोन माणसे रिकाम्या हाताने बसली तरी गाडी मर्यादेबाहेर गेली. पाणी नाही, शिधा नाही, कपड्यांची एक बॅग नाही, तरीही. चार सीटची गाडी आपण दोन माणसांनाही अपुरी करून दिली आणि त्याचे पैसे घेतले.

हा जिम्नीचा दोष नाही. हलकेपणा हेच त्या गाडीचे बळ आहे. भार सोसणारी वेगळी चासी, पुढे-मागे सलग अ‍ॅक्सल, लो रेंजचा गिअर आणि हे सगळे बाराशे किलोंत. म्हणूनच जड गाडी जिथे चिखलात रुतते तिथून ती निघून जाते. तिच्यावर दीडशे किलो लोखंड चढवताना ज्या गुणासाठी मालकाने ती घेतली तोच आपण काढून घेत असतो. मोठ्या गाड्यांनाही हाच नियम लागू आहे. गाडी मोठी म्हणून पेलोड मोठा असेलच असे नाही. तिचे स्वतःचे अंगही तितकेच जड असते. प्रत्येक मॉडेलची, शक्यतो प्रत्येक प्रकाराची, वजाबाकी वेगळी करावी लागते.

वजन किती याच्याइतकेच ते कुठे ठेवले हेही महत्त्वाचे. जिम्नीच्या दोन अ‍ॅक्सलमधले अंतर २५९० मिलिमीटर आहे. मागच्या अ‍ॅक्सलच्या ७०० मिलिमीटर मागे आपण स्टेपनीचा कॅरिअर आणि भरलेले जेरीकॅन असे ६० किलो लटकवले, तर मागच्या अ‍ॅक्सलवर ६० नव्हे, ७६ किलो वाढतात. वरचे १६ किलो पुढच्या अ‍ॅक्सलवरून उचलले जातात. तरफेचा साधा नियम आहे. पण पुढची चाके हलकी झाली की चढावर स्टिअरिंग ऐकेनासे होते, पुढच्या ब्रेकची पकड कमी होते आणि रात्री हेडलाइटचा झोत समोरच्याच्या डोळ्यांत जातो. उलट पुढे बंपर आणि विंच चढवले की पुढचे स्प्रिंग बसतात, बॉल जॉइंट आणि बेअरिंग लवकर झिजतात, मागचा भाग उडतो. म्हणून एकूण वजन मर्यादेत आहे एवढ्यावर समाधान मानू नये. प्रत्येक अ‍ॅक्सलची मर्यादा स्वतंत्र असते आणि बहुतेक वेळा आधी तीच ओलांडली जाते.

छताची गोष्ट याहून गंभीर आहे. पंधराशे किलोंच्या गाडीचा गुरुत्वमध्य जमिनीपासून ६५ सेंटीमीटरवर आहे असे समजा. १.८ मीटर उंचीवर ६० किलो ठेवले तर तो चार सेंटीमीटरहून अधिक वर सरकतो. सपाट रस्त्यावर हे जाणवणार नाही. आडव्या उतारावर, वरच्या बाजूचे चाक दगडावर चढले असताना आणि खालच्या बाजूचे स्प्रिंग दबलेले असताना, तेवढ्यानेच गाडी कलंडू शकते. छताची जी मर्यादा कंपनी पुस्तिकेत देते ती चालत्या गाडीची असते आणि रॅकचे वजनही तिच्यातच मोजायचे असते. गाडी उभी असताना तंबूत दोन माणसे झोपतात ती मर्यादा वेगळी. ती दाखवून चालत्या गाडीवरचा भार खपवू नये. कच्च्या वाटेवर तर छताचा भार आणखी कमी ठेवावा लागतो. काही रॅक बनवणारे स्वतःच ऑफ-रोडसाठी छापील आकड्याला दीडने भागायला सांगतात. ती सूचना गिऱ्हाइकाला वाचून दाखवणे हे आपले काम आहे.

टायरबद्दल एक युक्तिवाद नेहमी ऐकू येतो: टायर तर एवढे पेलतात, मग अडचण काय? जिम्नीच्या १९५/८० आर १५ टायरचा लोड इंडेक्स ९६ आहे, म्हणजे एका टायरला ७१० किलो. चारांचे मिळून २८४० होतात. पण गाडीची मर्यादा १५४५ च राहते, कारण ती टायरने ठरवलेली नाही. चासी, अ‍ॅक्सलचे नळकांडे, बेअरिंग, ब्रेक, स्प्रिंग, त्यांचे ब्रॅकेट या सगळ्यांत जे सर्वात आधी हार मानेल त्यावर ती ठरते. शिवाय ते ७१० किलो पूर्ण हवेचे आहेत. वाळूत किंवा दगडांत हवा उतरवली की टायरची भार पेलण्याची ताकदही उतरते. जड गाडी तशाच कमी हवेवर डांबरी रस्त्यावर पळवली की बाजूची भिंत सारखी वाकून तापते आणि शेवटी फाटते. ताफ्यात कॉम्प्रेसर हवा तो यासाठी, आणि डांबर लागताच थांबून हवा भरण्याची शिस्त हवी तीही यासाठीच.

घाट उतरताना गाडीच्या उंचीतली सगळी ऊर्जा ब्रेक आणि इंजिन मिळून जिरवतात. वजन १५ टक्के वाढले की जिरवायची उष्णताही १५ टक्के वाढते, पण डिस्क आणि पॅड तेच राहतात. वरंध घाटात किंवा माळशेजला एखाद्या वेळी निभावून जाईल. हिमालयातली उतरण तासन्‌तास चालते. चढतानाही तीच अडचण. खारदुंग ला ५३५९ मीटरवर आहे आणि तिथे हवेचा दाब समुद्रसपाटीच्या जवळपास निम्मा असतो. टर्बो नसलेले इंजिन तिथे निम्म्याच्या आसपास ताकदीवर चालते. जिम्नीचे दीड लिटरचे पेट्रोल इंजिन असेच आहे. तिथे जादा दीडशे किलो म्हणजे लो रेंजमध्ये रखडत जाणे, तापणारा क्लच आणि ओव्हरटेक करताना अंगावर येणारा ट्रक.

आता आपल्या धंद्यातल्या सर्वात घातक समजुतीकडे येऊ. जाड स्प्रिंग टाकले, एक पाटा वाढवला, लिफ्ट किट बसवली की गाडी जास्त वजन पेलते, असे आपण सांगतो आणि गिऱ्हाईक मानते. स्प्रिंगने गाडीची उंची सावरते, मर्यादा वाढत नाही. मागचा भाग बसलेला दिसत नाही, म्हणून मालक निर्धास्त होतो, आणि चासी, अ‍ॅक्सल, ब्रेक पूर्वीचाच ताण सोसत राहतात. पिकअप गाड्यांमध्ये मागच्या पाट्यांवर एअर बॅग बसवून कॅरिअर खचाखच भरले की पूर्वी पाट्याच्या दोन टोकांत वाटला जाणारा भार चासीच्या मध्यावर एका जागी येतो. केबिनच्या मागे वाकलेल्या चासी ऑस्ट्रेलियातल्या लांब पल्ल्याच्या प्रवाशांनी भरपूर पाहिल्या आहेत. त्या देशात जीव्हीएम, म्हणजे आपला जीव्हीडब्ल्यू, वाढवून घेण्याची रीतसर सोय आहे. पण ती सुटे भाग, ब्रेकच्या चाचण्या आणि अभियंत्याचे प्रमाणपत्र यांच्यासह. नुसते स्प्रिंग बदलून आकडा तिथेही बदलत नाही.

कायदा काय म्हणतो तेही नीट समजून घेतले पाहिजे. मोटार वाहन कायदा १९८८ च्या कलम ११३ नुसार, भरलेल्या गाडीचे वजन नोंदणीतल्या एकूण वजनापेक्षा जास्त असता कामा नये. हे सर्वांना ठाऊक असते. त्याच कलमात रिकाम्या गाडीचे वजनही नोंदणीतल्या रिकाम्या वजनापेक्षा जास्त असू नये, असे म्हटले आहे. म्हणजे आपण कायमचे वेल्ड केलेले किंवा बोल्टने कसलेले लोखंड, गाडीत कोणीही बसण्याआधीच प्रश्न उभा करते. २०१९ च्या दुरुस्तीनंतर कलम १९४ मध्ये दंड वीस हजार रुपये आणि जादा प्रत्येक टनामागे दोन हजार रुपये असा आहे. कलम ५२ गाडीत मूळ नोंदीशी विसंगत बदल करण्यास मनाई करते आणि सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०१९ मध्ये हे स्पष्ट केले. त्याआधी डिसेंबर २०१७ मध्ये केंद्रीय रस्ते वाहतूक मंत्रालयाने राज्यांना बुल बार आणि क्रॅश गार्डवर कारवाई करायला सांगितले होते. पकडतो कोण, असे म्हणून हे बाजूला सारू नका. अपघातानंतर गाडी तपासली जाते तेव्हा बंपर कोणी बसवला हा प्रश्न येतोच आणि बिलावर नाव आपले असते.

मग करायचे काय? पहिले, प्रत्येक वर्कशॉपने गाडी काम सुरू करण्याआधी आणि काम संपल्यावर वजनकाट्यावर न्यावी. वजनकाटा शोधावा लागत नाही. साखर कारखाना, बाजार समिती, खडीक्रशर, महामार्गावरचे ट्रक टर्मिनल, कुठेतरी तो असतोच. आधी फक्त पुढची चाके काट्यावर घ्यावीत, मग पूर्ण गाडी, मग फक्त मागची चाके. काट्याच्या दोन्ही बाजूंची जमीन समतल असावी. मोठे काटे पाच किंवा दहा किलोंच्या टप्प्याने आकडा दाखवतात, तेवढा फरक गृहीत धरावा. दोन्ही पावत्या जॉब कार्डला जोडाव्यात आणि त्यांची प्रत मालकाला द्यावी.

दुसरे, कोटेशनमध्ये प्रत्येक वस्तूसमोर किमतीच्या शेजारी तिचे वजन लिहावे आणि खाली उरलेला पेलोड लिहावा. हा एक रकाना गिऱ्हाइकाची निवड बदलेल. स्टीलऐवजी अ‍ॅल्युमिनियमचा रॅक, विंचला लोखंडी वायरऐवजी सिंथेटिक दोर, छतावरच्या तंबूऐवजी जमिनीवरचा तंबू, हे पर्याय वजन दिसले की आपोआप पुढे येतात. आणि पेलोड संपला असेल तर काम नाकारावे. नाकारलेल्या कामाचे पैसे जातील हे खरे आहे, पण ज्या वर्कशॉपने एकदा असे प्रामाणिकपणे थांबवले त्याच्याकडे माणूस पुढची गाडी घेऊन येतो.

तिसरे, मोहिमा नेणाऱ्यांनी निघण्याआधी प्रत्येक गाडीची भरलेल्या अवस्थेतली काट्याची पावती मागावी. पाच गाड्यांच्या ताफ्यात पाच विंच, पाच हाय-लिफ्ट जॅक आणि पाच हत्यारपेट्या कशाला हव्यात? दोन विंच, दोन कॉम्प्रेसर, एक पूर्ण हत्यारपेटी यांची वाटणी आधीच ठरली तर प्रत्येक गाडीचे वजन कमी होते आणि ताफ्याची ताकद कमी होत नाही. पाणी जिथे मिळते तिथे भरावे. एक लिटर म्हणजे एक किलो. जड वस्तू खाली, मागच्या सीटच्या पाठीला टेकून. हलक्या वर आणि मागे.

चौथी मागणी उत्पादकांकडे आहे. गाडीची ग्राउंड क्लिअरन्स आणि पाण्याची खोली जाहिरातीत मोठ्या अक्षरात छापली जाते. पुढच्या-मागच्या अ‍ॅक्सलच्या मर्यादा आणि छताची चालत्या गाडीतली मर्यादा मात्र शोधावी लागते. हे आकडे माहितीपत्रकातच, मराठीतही, छापले गेले पाहिजेत. ज्या कंपन्या या गाड्या डोंगरासाठी म्हणून विकतात त्यांचे हे कर्तव्य आहे.

या मासिकाचीही जबाबदारी आम्ही टाळणार नाही. पुढील अंकापासून इथे छापल्या जाणाऱ्या प्रत्येक उपकरणाच्या परीक्षणात त्याचे वजन किमतीच्या आधी दिले जाईल. गाडीच्या बांधणीवरचा लेख छापताना दोन्ही अ‍ॅक्सलची काट्यावरची वजने आणि उरलेला पेलोड चौकटीत असेल. ते आकडे नसतील तर लेख छापला जाणार नाही. आपणही पुढच्या गाडीचे कोटेशन काढताना तो एक रकाना वाढवा. मालकाला त्याच्या गाडीत अजून किती जागा नव्हे, किती वजन शिल्लक आहे हे कळलेच पाहिजे, आणि ते सांगणारा माणूस आपणच असला पाहिजे.