वकील आला नाही म्हणून अपील जात नाही

परवा विहारात वंदना आटोपल्यावर एक मावशी आमच्याजवळ येऊन बसल्या. मुलाला सेशन कोर्टात शिक्षा झाली, तो तुरुंगात आहे. भिशी उचलून वकिलाची फी भरली, हायकोर्टात अपील दाखल झाले. पण लागोपाठ दोन तारखांना वकीलसाहेब फिरकलेच नाहीत. वस्तीतला कुणी जाणता म्हणाला, "मावशी, अपील गेले समजा." तेव्हापासून त्यांना घास गोड लागेना.

हा समज आपल्याकडे घरोघर आहे, आणि तो उगाच झालेला नाही. जमिनीच्या, घराच्या दिवाणी प्रकरणात अपील करणारा गैरहजर राहिला, तर तेवढ्यावरच अपील खारिज होऊ शकते. आपल्या लोकांनी ते भोगले आहे. फौजदारीचे मात्र तसे नाही.

उत्तर प्रदेशातील बानी सिंग प्रकरणात वकील हजर नाही म्हणून अलाहाबाद हायकोर्टाने अपील फेटाळले होते. १९९६ साली सुप्रीम कोर्टाच्या तीन न्यायमूर्तींनी ते चूक ठरवले. सरन्यायाधीश अहमदी त्यांत होते. दाखल करून घेतलेले फौजदारी अपील गैरहजेरीपायी फेटाळता येत नाही. खालच्या कोर्टाचे कागद व निकालपत्र वाचून गुणदोषांवरच निर्णय द्यावा लागतो.

पण बंधू-भगिनींनो, यात एक मेख आहे. वकिलासाठी थांबलेच पाहिजे, असे कोर्टावर बंधन नाही. नुसते कागद वाचून शिक्षा कायम होऊ शकते, आणि साक्षीदार कुठे घसरला हे दाखवायला आपल्या बाजूने कुणी उभे नसते. आरोपी जामिनावर असेल तर वॉरंटही निघू शकते. तुरुंगात असेल तर कोर्ट त्याला सरकारी खर्चाने वकील देऊ शकते.

अपील खरे हातचे जाते ते मुदतीत. शिक्षेविरुद्ध हायकोर्टात ६० दिवस, सेशन कोर्टात ३० दिवस. फाशीच्या शिक्षेला हायकोर्टातही ३० दिवसच. निकालाची नक्कल मिळण्यास लागलेले दिवस त्यातून वजा होतात, आणि कैदेची शिक्षा झालेल्याला पहिली नक्कल फुकट मिळते. ती मागून घ्यावी, लाजू नये. उशीर झालाच तर कारण देऊन विलंब माफीचा अर्ज करता येतो. कैद्याला तुरुंगाच्या अधिकाऱ्यामार्फतही अपील पाठवता येते. १ जुलै २०२४ पासून नवी नागरिक सुरक्षा संहिता आली, तीतही ही सोय आहे.

विधी सेवा प्राधिकरणाचा मोफत वकील अनुसूचित जातींना आणि स्त्रियांना मिळतोच. कोठडीतल्या माणसाला तर जातीचा दाखलाही लागत नाही आणि उत्पन्नाचाही.

मावशींना आम्ही तसा अर्ज लिहून दिला. त्यांनी पिशवीतून फीची पावती काढली, ती जपून ठेवा म्हटले. येत्या गुरुवारी मुलाची मुलाखत आहे. अर्जावर त्याची सही त्याच दिवशी घ्यायची आहे.