विश्लेषण : सातबारा नावावर, ताबाही शेतकऱ्याचा; मग जमीन कोणाची?

भद्रावती तालुक्यातील माजरी हा वेस्टर्न कोलफिल्ड्स अर्थात ‘वेकोलि’च्या कोळसा खाणींचा परिसर. खाणीसाठी जमीन संपादित होते, तेव्हा शेतकऱ्याला पडणारा प्रश्न साधा असतो. सातबारा आपल्या नावावर आहे, पेरणी आपणच करतो, मग जमीन आपली नाही कशी? उत्तर मालकी आणि ताबा यांतील फरकात आहे. हा फरक उशिरा कळला तर मोबदला वर्षानुवर्षे अडकतो आणि नोकरीची संधीही हुकू शकते.

सातबारा मालकीचा पुरावा आहे का?

अंतिम पुरावा नाही. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता 1966 च्या कलम 157 नुसार हक्कनोंदीतील नोंद खरी मानली जाते. पण विरुद्ध बाब सिद्ध होईपर्यंतच. फेरफाराची नोंद महसुलाच्या कामासाठी असते, तिने मालकी मिळत नाही आणि जातही नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने अनेकदा स्पष्ट केले आहे. मालकी ठरते ती खरेदीखत, वारसा, वाटणीपत्र यांवरून. वाद झालाच तर निकाल दिवाणी न्यायालय देते, तलाठी किंवा तहसीलदार नाही.

ताबा हिसकावला तर?

कायदेशीर मार्ग न वापरता कुणी जमिनीवरून हुसकावले, तर 1963 च्या विशिष्ट अनुतोष कायद्याच्या कलम 6 खाली सहा महिन्यांत दावा करता येतो. तिथे मालकी सिद्ध करावी लागत नाही, आधीचा ताबा दाखवावा लागतो. मात्र हा दावा सरकारविरुद्ध चालत नाही. मालकीच्या आधारे ताबा परत मागायचा असेल, तर मुदत 12 वर्षांची आहे.

मालकाचा हक्क नाकारून, उघडपणे आणि सलग 12 वर्षे ठेवलेल्या ताब्याला ‘प्रतिकूल ताबा’ म्हणतात. अशी व्यक्ती स्वतःही दावा दाखल करू शकते, असे सर्वोच्च न्यायालयाने 2019 मध्ये म्हटले. पण बटईने किंवा मक्त्याने जमीन वाहणाऱ्याला हा नियम आपोआप लागू होत नाही, कारण त्याचा ताबा मालकाच्या परवानगीचा असतो. एकाच भावाने वडिलोपार्जित शेत वाहिले, म्हणून इतरांचा हिस्साही संपत नाही.

खाणपट्ट्यात वेगळे काय?

इथे कोळसाधारक क्षेत्र (संपादन व विकास) कायदा 1957 लागू होतो. त्याचे टप्पे असे :

- कलम 4 : कोळशाच्या शोधासाठी अधिसूचना.
- कलम 7 : संपादनाचा इरादा जाहीर होतो. त्यानंतर 30 दिवसांत हरकत घेता येते.
- कलम 9 आणि 10 : संपादनाची घोषणा राजपत्रात प्रसिद्ध होताच जमीन सर्व बोजांतून मुक्त होऊन केंद्र सरकारच्या मालकीची होते. पुढे ती सरकारी कंपनीकडे सोपवता येते.
- कलम 12 : ताबा सोडण्याची लेखी नोटीस.

खरी मेख शेवटच्या दोन टप्प्यांत आहे. घोषणा आणि नोटीस यांच्या मधल्या काळात शेतात नांगर चालत असतो, सातबाऱ्यावर नावही जुनेच असू शकते. मालकी मात्र राजपत्राच्या दिवशीच गेलेली असते. त्यानंतर कुणी ती जमीन विकत घेतली, तर हाती फक्त कागद राहतो.

मोबदला कुठे अडतो?

मोबदल्याच्या रकमेवर एकमत झाले नाही तर प्रकरण न्यायाधिकरणाकडे जाते. त्याच्या निवाड्यावर उच्च न्यायालयात अपील करता येते. मोबदल्याचा हक्कदार कोण, याबद्दलच वाद असेल तर रक्कम न्यायाधिकरणात जमा होते. म्हणजे भावाभावांतील न मिटलेली वाटणी थेट पैशाच्या आड येते. मुलींनाही जन्मतः समान वाटा आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने 2020 मध्ये निःसंदिग्धपणे सांगितले. त्यामुळे बहिणींची नावे वगळून केलेली जुनी नोंद आता न्यायालयात टिकणे अवघड आहे.

नोकरीचेही तसेच. कोल इंडियाच्या 2012 च्या पुनर्वसन धोरणात दोन एकरांमागे एका नोकरीचा विचार होतो. कोणाच्या नावे किती जमीन, यावरच मग घरात वाद पेटतो.

करायचे काय?

मृत्यूनंतर वारसाहक्काची माहिती तीन महिन्यांत तलाठ्याकडे (आता ग्राम महसूल अधिकारी) द्यावी, असे महसूल संहिताच सांगते. वाटणी आणि हक्कसोड यांचे दस्त नोंदणीकृत असावेत. अधिसूचनेत आपला गट क्रमांक आहे का, हे प्रत्येकाने तपासावे.

पण सगळा भार शेतकऱ्यावर टाकून चालणार नाही. राजपत्र गावात कोण वाचतो? हरकतीसाठी मुदत फक्त 30 दिवसांची असेल, तर कलम 7 ची अधिसूचना मराठीत, गट क्रमांकांसह चावडीवर आणि ग्रामसभेत पोहोचलीच पाहिजे. त्याआधी महसूल विभागाने वारसनोंदींची शिबिरे गावातच घ्यायला हवीत आणि खर्चाचा वाटा वेकोलिने उचलायला हवा. संपादनाआधी मिटलेला एक फेरफार पुढची अनेक वर्षांची कोर्टाची पायरी वाचवू शकतो.