एका वेळी बाराच जण

गेल्या मे महिन्याच्या सुटीत आपल्या शाळेशी या ना त्या नात्याने जोडलेले आम्ही नऊ जण इटलीला जाऊन आलो. चार पालक, दोन शिक्षिका, एक माजी विद्यार्थिनी आणि आठवी-नववीतली दोन मुले. "काय काय पाहिलंत?" असे कोणी विचारले की आम्ही फ्लॉरेन्सच्या उफ्फिझी संग्रहालयातल्या अडीच तासांबद्दलच बोलत सुटतो आणि ऐकणारा बिचारा पिसाच्या कलत्या मनोऱ्याची वाट पाहत बसतो. हा लेख त्या अडीच तासांविषयी आहे. खरे सांगायचे तर, जुलैच्या पालक-शिक्षक सभेत अर्धवट राहिलेल्या एका वादाविषयीही आहे.

आम्ही गेलो होतो नेहमीच्या सहल कंपनीबरोबर. कार्यक्रमपत्रिकेत फ्लॉरेन्सला अर्धा दिवस दिलेला होता. त्यात मायकेलअँजेलोच्या डेव्हिडची चौकातली प्रतिकृती (मूळ पुतळा १८७३ पासून अकादमिया संग्रहालयात आहे, हेही कोणी सांगितले नाही), पुढे चामड्याच्या वस्तूंचे एक दुकान, मग जेवण आणि बस. दुकानात आम्हाला चौकापेक्षा जास्त वेळ मिळाला! प्रबोधनयुग इतिहासाच्या पुस्तकात वाचलेली दोन मुले बरोबर असताना हे आमच्याने सहन होईना. दुसऱ्या दिवशी आम्ही नऊ जणांनी बस सोडली आणि पदरचे पैसे भरून उफ्फिझीच्या एका लहान गटात नावे घातली. गट एकूण बारा जणांचा, म्हणजे आम्ही नऊ आणि तीन परके. गाइड बाई तिथल्याच होत्या. इटलीत हे काम करायला परीक्षा देऊन परवाना घ्यावा लागतो. प्रत्येकाच्या कानात एकेक छोटे यंत्र, त्यामुळे बाई हळू बोलल्या तरी सगळ्यांना नीट ऐकू येत होते.

'उफ्फिझी' म्हणजे कचेऱ्या. कोझिमो द मेदिची या राज्यकर्त्यासाठी व्हासारीने १५६० साली ही इमारत सरकारी कामकाजासाठी बांधायला घेतली. पुढे वरच्या मजल्यावर घराण्याचा कलासंग्रह आला. मेदिची घराण्यातली शेवटची आना मारिया लुइझा हिने १७३७ मध्ये करार करून ठेवला की हा संग्रह फ्लॉरेन्सबाहेर जायचा नाही. सर्वसामान्यांना दार उघडले १७६९ साली. जिना चढताना बाईंनी एवढेच सांगितले आणि पुढे म्हणाल्या, "आज आपण दहाच चित्रे पाहणार. बाकीच्यांसमोरून नुसते चालायचे." आमच्यातल्या एका पालकांनी तिकिटाच्या पैशाला दहाने भागून पाहिले, हे नमूद करायला हरकत नाही.

पहिल्याच दालनात मेरी आणि बाळ येशूची तीन भली मोठी चित्रे एकत्र टांगलेली आहेत. चिमाबुए, दूच्चो आणि जोत्तो अशा तिघांची. दूच्चोचे चित्र १२८५ सालचे, जोत्तोचे १३१० च्या सुमाराचे. विषय तोच, सोनेरी पार्श्वभूमी तीच. बाईंनी एक मिनिट कोणालाही बोलू दिले नाही. मग विचारले, "यातली कोण खरोखर बसली आहे?" आम्ही पुन्हा पाहिले, तेव्हा कुठे दिसले. चिमाबुएची मेरी गौरीच्या मुखवट्यासारखी, सुंदर पण अधांतरी. जोत्तोच्या मेरीच्या मात्र वस्त्राखाली गुडघे आहेत, मांडी आहे, अंगाला वजन आहे. कामे उरकून बाई पाटावर टेकावी तशी ती बसली आहे. प्रबोधनयुग सुरू होताना काय बदलले, हे इतिहासाच्या धड्यात आम्ही पाठ केले होते. इथे ते तीन चित्रांमध्ये मान वळवून दिसले.

तरुण लिओनार्दोच्या चित्रासमोर जे घडले त्यासाठी तर हा लेख लिहायला घेतला. १४७२ च्या सुमाराचे हे चित्र. बागेत देवदूत गुडघ्यावर बसून मेरीला सांगतो आहे की तुझ्या पोटी येशू जन्म घेणार. बाईंनी विचारले, "काही खटकते का?" आम्ही मोठी माणसे गप्प. एवढ्या थोर माणसाच्या चित्रात खोट कशी काढायची! आठवीतला मुलगा म्हणाला, "तिचा उजवा हात जास्तच लांब आहे." त्याची आई त्याला दटावणार एवढ्यात बाई हसल्या आणि म्हणाल्या, "सगळे माझ्याबरोबर उजवीकडे चला." चार-पाच पावले उजवीकडे सरकून तिरके पाहिल्यावर तो हात आखडला, समोरच्या पुस्तकाच्या चौरंगाशी नीट जुळला. हे चित्र मुळात उजव्या बाजूने, तेही जरा खालून पाहायचे असावे, असा अभ्यासकांचा तर्क आहे. हा तर्क बरोबर असेल किंवा नसेल. पण ती चार पावले बारा जणांनाच टाकता येतात. आमच्या मागून पन्नास-एक जणांचा एक जथा आला, समोरच थांबला, फोटो काढले आणि गेला. त्यांच्या चित्रात मेरीचा हात अजून लांबच असणार.

पिएरो देल्ला फ्रांचेस्काने काढलेली उर्बिनोच्या फेदेरिकोची आणि त्याच्या पत्नीची जोडचित्रे अशीच. फेदेरिकोचा उजवा डोळा शस्त्रस्पर्धेत गेलेला, म्हणून चित्रात त्याचा डावा चेहराच दिसतो. नाकाच्या वरच्या बाजूला खाच आहे, ती काही चित्रकाराने लपवलेली नाही. चित्रे मागूनही रंगवलेली आहेत आणि मागे जाऊन पाहता येतात. पत्नीच्या बाजूला लिहिलेल्या लॅटिन ओळींत एक क्रियापद भूतकाळी आहे, त्यावरून चित्र तिच्या मृत्यूनंतरचे असावे असे म्हणतात. आमच्या संस्कृतच्या बाई इतक्या खूश झाल्या की पुढच्या दालनात त्यांना ओढून न्यावे लागले.

गाइड सांगेल ते सगळे खरे मानावे असेही नाही. बोत्तिचेल्लीच्या व्हीनससमोर बाईंनी सिमोनेत्ता नावाच्या सुंदरीची गोष्ट रंगवून सांगितली की हा चेहरा तिचाच. नववीतल्या मुलीने विचारले, "ती कधी वारली?" १४७६ मध्ये. आणि चित्र? १४८५ च्या आसपास. "मग बघून कसे काढले?" बाई म्हणाल्या, "लोक म्हणतात, पुरावा नाही." पन्नासांच्या जथ्यात हा प्रश्न कोणी विचारला असता का? (विवस्त्र व्हीनससमोर आम्हा मोठ्यांपैकी दोघे खिडकीतून आर्नो नदी पाहू लागले होते. मुले चित्रच पाहत होती.)

आता घराकडे येऊ. आपल्या बडोद्याला कमाटी बागेतले संग्रहालय १८९४ पासून आहे. शेजारच्या चित्रदालनाची इमारत १९१४ मध्ये बांधून झाली, पण महायुद्धामुळे चित्रे युरोपात अडकली आणि दालन १९२१ साली उघडले. सयाजीराव महाराजांनी ही युरोपीय चित्रे रयतेच्या मुलांनी पाहावीत म्हणूनच आणली ना? आपली शाळा दरवर्षी तिथे सहल नेते. गेल्या वर्षी आठवीचे ९६ विद्यार्थी, दोन बस, एक शिट्टी आणि पाऊण तास. सहलीवरचे निबंध आम्ही वाचले. बहुतेक सगळ्यांत इजिप्तची ममी आणि देवमाशाचा सांगाडा आहे. चित्रांवर एक ओळही नाही. मुलांचा काही दोष नाही. पाठीमागून रांग ढकलत असताना चित्र पाहता येत नाही, ममी दिसते.

सभेत आम्ही लहान गटांची सूचना मांडली तेव्हा विश्वस्त मंडळातील एका आदरणीय सदस्यांनी विचारले की शिक्षक आणि वेळ कोठून आणायचा. रास्त प्रश्न आहे. ९६ विद्यार्थ्यांचे बारा-बारांचे आठ गट होतात. एका शनिवारी सकाळी अर्ध्या अर्ध्या तासाने चार गट आत सोडले तर दोन शनिवार लागतात. आठही गटांना तीच चार चित्रे दाखवायची, म्हणजे सांगणाऱ्याला चार चित्रांचीच तयारी करावी लागेल. हे सांगणारे शिक्षकच असले पाहिजेत असेही नाही. आपल्या गावात विद्यापीठाची ललित कला विद्याशाखा पाऊण शतक उभी आहे, आणि आपल्याच शाळेतून तिथे गेलेली मुले आहेत. बाराच्या गटाला बस लागत नाही. दोन पालकांच्या गाड्या आणि एक-दोन रिक्षा पुरतात.

दुसरा आक्षेप आम्हाला जास्त बोचला. "तुम्ही परदेशात पैसे मोजून जे पाहिलेत ते इथे फुकटात मागता," असे एक पालक म्हणाले. होय, मागतो. फ्लॉरेन्सला नऊ जण जाऊ शकले, उरलेली मुले जाणार नाहीत. पण पैसा लागला तो विमानाला आणि हॉटेलला. चित्रापुढे एक मिनिट गप्प उभे राहणे, "काही खटकते का?" हा प्रश्न आणि उजवीकडची चार पावले, यांना काही पैसे पडत नाहीत. आपल्याकडे एवढे दिवस ते झाले नाही, कारण सहल म्हणजे सगळ्यांनी एकदम जायचे आणि सगळे पाहून यायचे, असे आपण धरून चाललो.

नाताळच्या सुटीआधीच्या दोन शनिवारी आठवीसाठी हा प्रयोग करून पाहावा, अशी विनंती आम्ही मुख्याध्यापकांकडे लेखी दिली आहे. जे पालक किंवा माजी विद्यार्थी चार चित्रांचा अभ्यास करून एका गटाबरोबर उभे राहायला तयार असतील, त्यांनी वर्गशिक्षिकांकडे नाव द्यावे. आमची नऊ नावे दिलेली आहेत. आठवीतला तो मुलगा आता नववीत गेला, तरी तोही येतो म्हणतो. त्याची एकच अट आहे की प्रत्येक गटाला आधी ममी पाहून येऊ द्यावे, नाहीतर चित्रांसमोर कोणाचेच लक्ष लागणार नाही. अट आम्ही मान्य केली आहे.