गिरनारचे पत्र आणि कराडची भेरी

रविवारी संध्याकाळी कराडच्या प्रीतिसंगमावर गेलात तर बसायला जागा मिळणे कठीण. कृष्णा आणि कोयना समोरासमोर येऊन एकमेकींना मिळतात, यशवंतरावांच्या समाधीपाशी माणसे क्षणभर थांबतात आणि पोरांचे लक्ष भेळेच्या गाड्यांकडे असते. याच गावात कधीकाळी एक जैन आचार्य वादविवादासाठी आले होते, हे त्या गर्दीतल्या किती जणांना ठाऊक असेल?

ही नोंद कराडात नाही, ती आहे दूर कर्नाटकात, श्रवणबेळगोळच्या चंद्रगिरीवर. तेथील पार्श्वनाथ बसदीत मल्लिषेण मुनींच्या स्मरणार्थ शके 1050 मध्ये, म्हणजे इसवी सन 1128-29 च्या सुमारास, कोरलेला एक मोठा लेख आहे. त्यात आचार्य समंतभद्रांच्या तोंडी एक श्लोक घातला आहे. पाटलिपुत्रात मी वादाची भेरी वाजवली, मग माळवा, सिंधू, ठक्क, कांची, विदिशा असे फिरलो आणि आता योद्ध्यांनी भरलेल्या, विद्येने गाजणाऱ्या करहाटकात आलो आहे, असा त्याचा आशय. करहाटक म्हणजे आपले कराड. मध्य भारतातल्या भरहूतच्या स्तूपावरील दानलेखांतही ‘करहकट’ येते. तेव्हा हे गाव त्या काळीही आडवाटेचे नव्हते.

समंतभद्रांचा काळ कोणी दुसऱ्या शतकात मानतो, कोणी थेट सहाव्यात. शिवाय हा लेख त्यांच्यानंतर कित्येक शतकांनी कोरलेला. म्हणून श्लोक त्यांचाच, असे छातीठोकपणे सांगता येत नाही. पण बाराव्या शतकातल्या मुनींना आपल्या पूर्वजाचा प्रवास सांगताना शेवटचा मुक्काम म्हणून कराड आठवले, हे काही थोडे नाही. याच समंतभद्रांचा ‘रत्नकरंड श्रावकाचार’ हा गृहस्थधर्मावरचा ग्रंथ आजही जैन घरांतून वाचला जातो. मोहात गुंतलेल्या मुनीपेक्षा मोह सुटलेला गृहस्थ श्रेष्ठ, असे त्यात एका मुनीनेच लिहून ठेवले आहे!

मल्लिषेणांचा तो लेख म्हणजे एक लांबलचक गुरुमालिकाच आहे. महावीर, गौतम, भद्रबाहू, कुंदकुंद, समंतभद्र आणि पुढे नावांमागून नावे. शाळेच्या पुस्तकात महावीर एखाद्या पानात येतात आणि त्याच पानात संपतात. त्यांच्यामागून कोण चालले, हे आपण विचारीत नाही. महावीरांचे अकरा गणधर होते आणि परंपरेनुसार ते सारे ब्राह्मण कुळांतले, वेदविद्या शिकलेले. इंद्रभूती गौतम, अग्निभूती आणि वायुभूती हे तिघे तर सख्खे भाऊ. महावीरांच्या निर्वाणापर्यंत नऊ गणधर निवर्तले होते, मागे राहिले ते गौतम आणि सुधर्मा. त्यांच्यानंतर जंबूस्वामी. येथपर्यंत श्वेतांबर आणि दिगंबर बहुतेक एका वाटेने चालतात, पुढे वाटा फुटतात. आपल्या दक्षिण महाराष्ट्रातला शेतकरी जैन समाज मुख्यतः दिगंबर, म्हणून येथे त्याच वाटेने जाऊ.

या वाटेवरची एक गोष्ट मला फार मोलाची वाटते. दिगंबर पट्टावली आपल्या ज्ञानाची वाढ सांगत नाही, घट सांगते. तीन केवली बासष्ट वर्षांत झाले, त्यानंतरच्या शंभर वर्षांत पाच श्रुतकेवली. मग दहा पूर्वे जाणणारे, मग केवळ अकरा अंगे जाणणारे, मग एकच अंग जाणणारे. असे करीत 683 वर्षांचा हिशेब मांडला आहे. आपल्या घराण्याची श्रीमंती फुगवून सांगणारे पुष्कळ भेटतात. काय काय गमावले, हे पिढीवार लिहून ठेवणारे घराणे विरळा.

या घसरणीच्या शेवटी गिरनारच्या चंद्रगुंफेत धरसेन आचार्य राहत होते. उरलेसुरले आपल्याबरोबर जाईल या काळजीने त्यांनी दक्षिणेत महिमानगरीत जमलेल्या मुनिसंघाला पत्र पाठवले. वेण्या नदीच्या काठावरून दोन तरुण मुनी निघाले आणि गिरनारला पोचले. धरसेनांनी त्यांना एकेक मंत्र दिला, पण एकात एक अक्षर जास्त घातले आणि दुसऱ्यात एक कमी ठेवले. साधना केल्यावर एकापुढे दात पुढे आलेली देवी प्रकटली, दुसऱ्यापुढे एका डोळ्याची. देवता अशा विद्रूप नसतात, तेव्हा चूक मंत्रातच असली पाहिजे, असे ताडून दोघांनी व्याकरणाच्या आधारे अक्षरे दुरुस्त केली. गुरूंची खात्री पटली. गुरूने दिलेले जसेच्या तसे घोकणारा शिष्य त्यांना नको होता, चूक ओळखणारा हवा होता. शिकवणे संपताच धरसेनांनी त्यांना तेथून निघायला सांगितले. तेच पुष्पदंत आणि भूतबली. त्यांनी रचलेला ‘षट्खंडागम’ ज्या ज्येष्ठ शुद्ध पंचमीला पुरा झाला, ती श्रुतपंचमी म्हणून आजही पाळली जाते.

आता सातारकरांचे कान टवकारतील. ‘षट्खंडागमा’चे संपादक डॉ. हिरालाल जैन यांनी असा तर्क मांडला की, ही वेण्या म्हणजे सातारची वेण्णा आणि महिमानगरी म्हणजे माण तालुक्यातला महिमानगड असावा. तर्क मोहात पाडणारा आहे. पण मूळ मजकुरात वेण्याकाठ आंध्र देशातला म्हटला आहे, आणि नावाचे साम्य म्हणजे पुरावा नव्हे. उद्या कोणी उत्साहाने गडाखाली ‘महिमानगरी’ची पाटी लावली, तर एक अक्षर जास्त झालेल्या मंत्रासारखेच ते होईल.

पाट्यांची हौस भागवायला खात्रीच्या गोष्टी कमी नाहीत. या ग्रंथावरच्या ‘धवला’ टीकेच्या ताडपत्री पोथ्या मूडबिद्रीच्या बसदीत शतकानुशतके राहिल्या. भाविकांना त्यांचे दर्शन घडे, वाचन नाही. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस सोलापूरचे हिराचंद नेमचंद आणि मुंबईचे माणिकचंद हिराचंद यांच्या खटपटीने नकलेचे काम सुरू झाले. नकलाकारांत मिरजेचे गजपती उपाध्याय होते. ठरलेल्या नकलेबरोबरच त्यांनी पत्नी लक्ष्मीबाईंच्या मदतीने एक कानडी प्रत गुपचूप तयार केली आणि ती बाहेर गेली. नियमाने पाहिले तर हा विश्वासभंगच. पण ग्रंथ अभ्यासकांच्या हाती पडला तो त्या वाटेने, आणि 1939 साली हिरालाल जैनांनी अमरावतीहून ‘धवले’चा पहिला खंड छापून काढला. लक्ष्मीबाईंचे नाव मात्र कोणत्याही पट्टावलीत येणार नाही.

पुढचा दुवाही आपल्याच मुलखातला. भोजचे सातगौडा पाटील म्हणजेच आचार्य शांतिसागर. त्यांना आचार्यपद मिळाले ते 1924 साली, सांगलीजवळच्या समडोळीत. मूडबिद्रीच्या पोथ्यांना कीड लागल्याचे कळल्यावर ते अस्वस्थ झाले, आणि त्यांच्या प्रेरणेने हे सिद्धांतग्रंथ तांब्याच्या पत्र्यांवर कोरून घेण्यात आले. ते काम फलटणच्या संस्थेने सांभाळले.

1955 च्या पावसाळ्यात शांतिसागरांनी कुंथलगिरीवर सल्लेखना घेतली. छत्तीस दिवसांनी, 18 सप्टेंबरला, ते गेले. त्याआधी आपल्यामागे कोण, हे ठरवणे भाग होते. ज्येष्ठ शिष्य वीरसागर मूळचे मराठवाड्यातले, पण चातुर्मासासाठी तेव्हा जयपूरला. चातुर्मासात मुनी गाव सोडीत नाहीत, त्यामुळे गुरुशिष्यांची भेट होणे नव्हते. तेव्हा कुंथलगिरीहून जयपूरला पत्र गेले, आणि ते संघापुढे वाचून वीरसागरांना आचार्यपद देण्यात आले.